तुर्कमेनिस्तानला पहिल्यांदा जाताना

उझबेकिस्तानातलं ताश्कंद, समरकंद, बुखारा करून आलेली मंडळी आता पुण्या-मुंबईत सहज भेटतात. कझाकस्तानातल्या अल्माटीला तर लोक लांबलेल्या शनिवार-रविवारी जाऊन येतात. पण बुखाऱ्यापासून शंभरेक किलोमीटरवर जी सरहद्द लागते, तिच्या पलीकडे फारसं कुणी जात नाही. पलीकडचा तुर्कमेनिस्तान क्षेत्रफळाने महाराष्ट्राच्या दीडपट आहे, आणि सरकारी आकड्यानुसार लोकसंख्या सत्तर लाखांच्या आसपास, म्हणजे आपल्या एकट्या पुणे जिल्ह्यापेक्षा कमी. देशाचा बहुतेक भाग काराकुमच्या वाळवंटाने व्यापलेला आहे आणि जमिनीखाली जगातल्या सगळ्यात मोठ्या साठ्यांपैकी एक म्हणावा इतका नैसर्गिक वायू आहे.

१९९१ मध्ये सोव्हिएत संघातून हा देश वेगळा झाला, त्यानंतर सत्ता तीनच माणसांकडे राहिली. पहिले सापरमुरात नियाझोव्ह. त्यांनी स्वतःला ‘तुर्कमेनबाशी’, म्हणजे तुर्कमेनांचा प्रमुख, म्हणवून घेतलं आणि २००२ मध्ये जानेवारी महिन्याला स्वतःचं नाव दिलं, एप्रिलला आईचं. २००६ मध्ये ते वारल्यावर व्यवसायाने दंतवैद्य असलेले गुर्बांगुली बर्दिमुहामेदोव्ह आले. महिन्यांची जुनी नावं त्यांनी परत आणली, पण काही वर्षांत त्यांचाही सोन्याने मढवलेला पुतळा उभा राहिला. २०२२ पासून त्यांचा मुलगा सर्दार राष्ट्राध्यक्ष आहे. वडील अजून ‘अर्कादाग’, म्हणजे रक्षणकर्ता, या उपाधीने सगळ्यांच्या वर आहेत. विरोधी पक्ष, स्वतंत्र वर्तमानपत्र, न्यायालयात सरकारविरुद्ध जिंकलेला माणूस, यांपैकी काहीही तिथे सापडत नाही.

मी या देशात जाऊन आलो आहे. परत आल्यावर ओळखीतल्या दोन-तीन जणांनी ‘कसं जायचं?’ असं विचारलं, त्यांना जे तुकड्यातुकड्याने सांगितलं ते इथे क्रमाने लिहितो. वाचताना एक गोष्ट कायम डोक्यात ठेवा. तुमच्या हातून चूक झाली तर तुमची फार तर चौकशी होईल, फोटो पुसले जातील, वाईटात वाईट म्हणजे पुढच्या विमानाने घरी पाठवतील. पण ज्या गाईडच्या जबाबदारीवर तुम्ही आत आलात, त्याचा परवाना त्या चुकीवर जाऊ शकतो. नोकरीही जाऊ शकते, आणि त्याचं घर तिथेच असतं. पुढची प्रत्येक सूचना या एका गोष्टीतून निघालेली आहे.

पहिली पायरी: जावं का, याचा विचार

हा विचार तिकिटाच्या आधी करा. तुमच्या पैशातला काही वाटा फी आणि करांच्या रूपाने सरकारकडे जातो, आणि सरकार कसं आहे हे माहीत असायला हवं. माजी परराष्ट्रमंत्री बोरिस शिखमुरादोव्ह यांना २००२ च्या अखेरीस अटक झाली, जन्मठेप सुनावली गेली, आणि तेव्हापासून ते जिवंत आहेत की नाहीत हेही घरच्यांना सांगितलेलं नाही. असे बेपत्ता कैदी कितीतरी आहेत. परदेशी रेडिओसाठी काम करणाऱ्या ओगुलसापार मुरादोव्हा २००६ मध्ये तुरुंगातच वारल्या.

हे कळल्यावर काहींना जावंसं वाटणार नाही. तो निर्णय मला आदराचा वाटतो. मी गेलो, कारण बाहेरच्या माणसाचं येणंजाणं पूर्ण थांबल्याने आतल्या माणसाचं भलं होतं असं मला कुठे दिसलं नाही. मार्च २०२० नंतर जवळजवळ तीन वर्षं या देशाने दारं बंद ठेवली होती आणि देशात करोनाचा एकही रुग्ण नाही असं सरकार अखेरपर्यंत सांगत राहिलं. त्या काळात बाहेरचा प्रवासी आत येत नव्हता. तरीही ‘जगातला सगळ्यात विचित्र देश’ अशी रील करायची म्हणून जात असाल तर जाऊ नका. तिथे लाखो माणसं संसार करतात, मुलांना शाळेत सोडतात, लग्नांत नाचतात. त्यांचं जगणं म्हणजे तमाशा नव्हे.

निघण्याआधी वाचन करा. आझातलिक रेडिओ, ‘तुर्कमेन न्यूज’ आणि ‘क्रॉनिकल्स ऑफ तुर्कमेनिस्तान’ ही देशाबाहेरून चालणारी माध्यमं आतल्या बातम्या देतात. हे सगळं घरी, निवांत वाचून संपवा. फोनमध्ये त्यातलं काही घेऊन सरहद्द ओलांडू नका.

दुसरी पायरी: निमंत्रणपत्र आणि एजन्सी

पर्यटक व्हिसाची रूढ पद्धत अशी: तुर्कमेनिस्तानातली परवानाधारक पर्यटन एजन्सी तुमच्या वतीने तिथल्या स्थलांतर खात्याकडे अर्ज करते. अर्ज मंजूर झाला की निमंत्रणपत्र येतं, आणि ते दाखवून विमानतळावर किंवा सरहद्दीवर फी भरून व्हिसा मिळतो. पत्राबरोबर रोजचा कार्यक्रम आणि गाईड हे बांधलेलंच असतं. २०२५ मध्ये ई-व्हिसाच्या दिशेने कायदा बदलायला सुरुवात झाली, म्हणून बुकिंग करण्याच्या आठवड्यात एजन्सीकडून ताजा नियम लेखी मागवून घ्या. जुन्या प्रवासवर्णनांतले नियम आणि फीचे आकडे धरून चालू नका.

एजन्सी निवडताना स्वस्त-महाग याच्या आधी हे विचारा: सरहद्दीजवळच्या भागांसाठी वेगळा परवाना लागतो, तो एजन्सी काढणार आहे का? तीन दिवसांपेक्षा जास्त राहिल्यास स्थलांतर खात्याकडे करावी लागणारी नोंदणी कोण करणार? अर्ज नामंजूर झाला तर आगाऊ रकमेतलं किती परत मिळणार? हा शेवटचा प्रश्न टाळू नका. नामंजुरी कारण न देता येते आणि तिच्यावर दाद मागायची सोय नाही. पत्र हातात पडेपर्यंत परतावा न मिळणारं विमानतिकीट काढायचं नाही, हे कुलूप घालून ठेवल्यासारखं पाळा. अर्ज किमान दोन महिने आधी द्या.

अर्जात व्यवसाय खरा लिहा. पत्रकार, वकील, स्वयंसेवी संस्थेत काम करणारे यांचे अर्ज अडकण्याची शक्यता मोठी असते, म्हणून काही जण ‘व्यापारी’ असं ठोकून देतात. तसं करू नका. नाव शोधलं की दोन मिनिटांत कळतं, आणि मग खोट्या माहितीवर निमंत्रण दिल्याचा जाब एजन्सीला द्यावा लागतो.

तिसरी पायरी: केव्हा आणि कुठून

एप्रिल-मे किंवा सप्टेंबर-ऑक्टोबर. जुलैत अश्गाबादचा पारा चाळिशीच्या बराच वर असतो आणि हिवाळ्यात वाळवंटातली रात्र गोठवते.

इस्तंबूल किंवा दुबईमार्गे विमानाने जाता येतं. मला विचाराल तर उझबेकिस्तानला जोडून जा. दिल्लीहून ताश्कंद, तिथून रेल्वेने बुखारा, मग फारापच्या सरहद्दीवरून पायी आत. उझबेकिस्तानचा ई-व्हिसा भारतीयांना घरबसल्या मिळतो. परत उझबेकिस्तानातच यायचं असेल तर तो दोन वेळा प्रवेशाचा घ्यायला विसरू नका. सरहद्दीवर तीन-चार तास गृहीत धरा. दुपारी जेवणाची सुट्टी होते, तेव्हा सकाळी लवकर पोहोचा आणि पाणी जवळ ठेवा. घड्याळाचा त्रास नाही, तिथली वेळ आपल्यापेक्षा फक्त अर्धा तास मागे.

चौथी पायरी: पैसे

इथे सगळ्यात जास्त लोक फसतात, म्हणून सविस्तर लिहितो.

तुमचं कार्ड चालणार नाही असंच धरून चला. सगळा खर्च रोख डॉलरमध्ये न्यायचा. नोटा कोऱ्या, नव्या मालिकेतल्या, न दुमडलेल्या. कोपरा फाटलेली, शिक्का मारलेली किंवा पेनाची रेघ असलेली नोट हॉटेलवाला घेत नाही, व्हिसा खिडकीवरचा माणूसही घेत नाही. बँकेतून घेतानाच एकेक नोट उजेडात धरून बघा, काउंटरवरचा माणूस वैतागला तरी चालेल. एक, पाच आणि दहाच्या नोटा मुद्दाम मागा. भारतातून निघताना रोख परकीय चलनावर रिझर्व्ह बँकेची मर्यादा आहे. सर्वसाधारणपणे एका प्रवासाला ३००० डॉलर एवढ्याच नोटा मिळतात. आठवड्याच्या सहलीला त्या पुरतात. पावती पासपोर्टसोबत ठेवा.

आता मनात. हे तिथलं चलन. सरकारी दर २०१५ पासून एका डॉलरला साडेतीन मनात इतका बांधलेला आहे. बाहेरच्या बाजारात मात्र त्याच डॉलरला पाच-सहा पट मनात मिळतात. म्हणजे सरकारी दराने बदललेल्या पैशात एक साधं जेवण मुंबईच्या बऱ्या हॉटेलइतकं पडतं आणि बाजारभावाने तेच त्याच्या पाचव्या-सहाव्या हिश्शात येतं. मोह होणारच. पण बाहेर पैसे बदलणं गुन्हा आहे, आणि बाजारात कुणी ‘डॉलर?’ म्हणून जवळ आला तर तो कोण आहे हे तुम्हाला कळायला मार्ग नाही. रस्त्यावर बदलू नका. गाईडलाही ‘कुठे बदलून मिळतील?’ असं विचारून कात्रीत पकडू नका. हॉटेल, जेवणं, प्रवेश फी असं जेवढं शक्य आहे तेवढं एजन्सीच्या पॅकेजमध्येच डॉलरमध्ये भरून टाका, म्हणजे हातात मनात लागतातच थोडे. आणलेली रक्कम प्रवेशाच्या वेळी कागदावर खरी लिहा आणि त्या कागदाची प्रत बाहेर पडेपर्यंत सांभाळा.

पाचवी पायरी: सामान

औषधांपासून सुरुवात करा. ट्रॅमाडॉल आणि कोडीन असलेली वेदनाशामकं, खोकल्याची काही औषधं, झोपेच्या गोळ्या यांच्याबाबत तिथे फार कडक आहेत. नेमकं काय चालतं हे एजन्सीला यादी पाठवून विचारा. बाकीची औषधं मूळ पाकिटात, डॉक्टरच्या इंग्रजी चिठ्ठीसह. पुड्या बांधून नेऊ नका.

दुबईमार्गे जाणाऱ्यांसाठी एक गोष्ट, जी आपल्या घरांत सहज नजरेतून सुटते: संयुक्त अरब अमिरातीत खसखस हा अमली पदार्थात मोडतो. आईने प्रेमाने बांधून दिलेले अनारसे, खसखस घातलेले लाडू किंवा गोडा मसाला दुबईच्या विमानतळावर तुम्हाला कोठडी दाखवू शकतो. थेपले, शेंगदाण्याची चटणी, मेतकूट, भडंग बिनधास्त न्या. शाकाहारी असाल तर न्याच.

ड्रोन घरी ठेवा. दुर्बीणही. लष्करी रंगाचे कपडे नकोत. धर्मप्रसाराची पुस्तकं नकोत. तिथल्या राजकारणावरचं काही नको. फोनमधली माध्यमांची ॲप, तुर्कमेनिस्तानविषयीचे विनोदी व्हिडिओ, मित्रांच्या गटातले त्यावरचे संदेश, हे सगळं निघण्याच्या आदल्या रात्री काढा. सिगारेट ओढणाऱ्यांनी हे जाणून असावं की सार्वजनिक जागी ओढायला बंदी आहे.

सहावी पायरी: गाईडबरोबरचं नातं

पहिल्या भेटीपासून निरोपापर्यंत तुमचा सगळा प्रवास या एका माणसावर उभा असतो. तो पोलीस आहे का, खबऱ्या आहे का, असा संशय घेऊन त्याच्याकडे पाहू नका. बहुतेक गाईड भाषा शिकलेले, इतिहासावर जीव असलेले, कुटुंब चालवणारे लोक असतात. त्यांना तुमच्याविषयी विचारणा झाली तर उत्तर द्यावं लागतं, एवढं खरं. म्हणून त्याला उत्तर देताना अवघड जाईल असं काही त्याच्यासमोर करायचं नाही, साधं गणित आहे.

पहिल्या दिवशी गाडीत बसल्या बसल्या माझ्याकडून चूक झाली. रस्त्याकडेच्या राष्ट्राध्यक्षांच्या भल्यामोठ्या तसबिरीकडे बघून मी सहज विचारलं, ‘लोकांना हे खरंच आवडतात का?’ गाईडने आरशात ड्रायव्हरकडे पाहिलं, ड्रायव्हरने रस्त्याकडे. मग गाईड म्हणाला, ‘आमच्या अध्यक्षांनी हा रस्ता बांधला, पूर्वी इथे नुसती धूळ होती.’ पुढची वीस मिनिटं गाडीत कुणी बोललं नाही. त्या दोघांपैकी कोण कुणाला घाबरत होता हे मला आजही कळलेलं नाही. पण त्या शांततेचं कारण मी होतो.

तेव्हापासून मी एक नियम केला आणि तो तुम्हीही करा: ज्याचं खरं उत्तर देणं माणसाला धोक्याचं आहे, तो प्रश्न विचारायचा नाही. राष्ट्राध्यक्ष, त्यांचं कुटुंब, निवडणुका, पगार, कोण तुरुंगात आहे, कोण देश सोडून गेलं, हे विषय वर्ज्य. मोठ्या आवाजात मराठीतही त्यांची नावं घेऊ नका. आपली भाषा कळत नसली तरी नाव कळतं आणि त्यामागचा हसण्याचा सूरही कळतो.

बोलण्यासारखं भरपूर आहे. मुलं काय शिकतात, लग्नात काय जेवण असतं, आखाल-तेके घोडे, आलाबाय कुत्रे, खरबूज. ऑगस्टच्या दुसऱ्या रविवारी तिथे खरबुजाचा सण असतो आणि त्यावर तिथला माणूस तासभर बोलेल, आपल्याकडे हापूस की पायरी यावर बोलावं तसा. चाळिशी-पन्नाशीच्या पुढची माणसं हिंदी सिनेमाचा विषय काढतात. राज कपूर आणि मिथुन ही दोन नावं सोव्हिएत काळापासून त्या भागात घरोघरी माहीत आहेत. ‘इंडिया?’ असं विचारून एखाद्या आजींनी तुमचा हात हातात घेतला तर संकोच करू नका. शब्दही ओळखीचे निघतात: बाजार, दोस्त, किताब, दुनिया, अस्मान. आठवडा या अर्थाचा आपला हप्ता त्यांच्याकडे ‘हेप्दे’ होतो. धन्यवाद म्हणायचं तर ‘साग बोलुन’.

आणि ज्याने स्वतःहून काही सांगितलं, कबरस्तानात किंवा वाळवंटात जिथे तिसरं कुणी नाही तिथे, त्याचं ऐका. प्रश्न वाढवू नका. लिहून ठेवू नका. मलाही काही सांगितलं गेलं. ते इथे येणार नाही.

निरोप घेताना बक्षिसी रोख डॉलरमध्ये, पाकिटात घालून, इतरांच्या नजरेआड द्या.

सातवी पायरी: कॅमेरा

अश्गाबाद हे फोटो काढावेसे वाटणारं शहर आहे. पांढऱ्या संगमरवराने मढवलेल्या इमारतींसाठी २०१३ मध्ये त्याची गिनीज बुकात नोंद झाली. तेव्हा अशा इमारती ५४३ होत्या, आता आणखी आहेत. रस्त्यावरच्या गाड्याही जवळजवळ सगळ्या पांढऱ्या, कारण गडद रंगांच्या गाड्यांवर काही वर्षांपूर्वी टाच आली. विमानतळाची इमारत पंख पसरलेल्या ससाण्याच्या आकाराची. देशाच्या तटस्थ धोरणाचं स्मारक असलेल्या तटस्थता कमानीवर नियाझोव्ह यांचा बारा मीटर उंच सोनेरी पुतळा. ती कमान पूर्वी शहराच्या मधोमध होती तेव्हा पुतळा सूर्याबरोबर फिरायचा. २०१० मध्ये ती शहराबाहेर हलवली.

स्मारकं, बागा, मशिदी यांचे फोटो चालतात. राष्ट्राध्यक्षांचा महाल, सरकारी कचेऱ्या, पोलीस, सैनिक, विमानतळ, तपासणी नाके यांचे नाही. महालासमोरून गाडी जाताना फोन मांडीवर उलटा ठेवा. शिपायाने हात वर केला तर वाद न घालता फोटो त्याच्यासमोर पुसा.

इथवर सगळेच सांगतात. त्यापलीकडचं जास्त महत्त्वाचं आहे. पहाटे तोंडाला फडकं गुंडाळून रस्ते झाडणाऱ्या बायका, स्वस्त पावासाठी सरकारी दुकानापुढे लागलेली रांग, बाजारात काहीबाही विकायला बसलेली म्हातारी माणसं, हे बघून ‘हा खरा देश’ असं वाटून कॅमेरा वर जातो. जाऊ देऊ नका. असे फोटो काढणाऱ्या सोल्तान अचिलोवा यांच्यासारख्या पत्रकारांनी त्याची किंमत मोजली आहे. सत्तरी ओलांडलेल्या या बाई नोव्हेंबर २०२३ मध्ये जिनिव्हाला जायला निघाल्या, तेव्हा विमानतळावर त्यांचा पासपोर्ट ओल्या फडक्याने भिजवून ‘खराब झाला आहे’ म्हणत त्यांना परत पाठवलं. त्या हे काम जाणूनबुजून, धोका स्वतः पत्करून करतात. तुमच्या फोटोतल्या रांगेतल्या बाईला कुणी विचारलेलं नसतं.

दुसरं उदाहरण घोड्यांच्या शर्यतीचं. एप्रिल २०१३ मध्ये गुर्बांगुली बर्दिमुहामेदोव्ह शर्यत जिंकल्या जिंकल्या घोड्यावरून पडले. ती दृश्यं बाहेर जाऊ नयेत म्हणून उपस्थितांकडची चित्रणं पुसायला लावली, विमानतळावर झडत्या झाल्या. तरी ती बाहेर गेलीच. यावरून एवढं समजून घ्या की बाहेर पडतानाही फोन बघितला जाऊ शकतो.

माणसांचे फोटो विचारून काढा. शाळेच्या हिरव्या गणवेशातल्या, टोपी घातलेल्या मुली स्वतःहून हसत उभ्या राहतात, मग काढा आणि त्यांना दाखवा.

आठवी पायरी: फोन आणि रात्र

व्हॉट्सॲप, फेसबुक, इन्स्टाग्राम, यूट्यूब, टेलिग्राम यांपैकी काही उघडत नाही. आठवडाभर संपर्क नसेल हे घरच्यांना आधी समजावून सांगा, नाहीतर इकडे आई देवापुढे बसेल. प्रवासाचा दिवसवार कार्यक्रम, हॉटेलांची नावं, एजन्सीचा आणि अश्गाबादमधल्या भारतीय दूतावासाचा फोन नंबर कागदावर लिहून घरी ठेवा. व्हीपीएनवर तिथे बंदी आहे. २०२१ मध्ये नेटची जोडणी घेणाऱ्यांना व्हीपीएन वापरणार नाही अशी कुराणावर शपथ घ्यायला लावल्याच्या बातम्या आल्या होत्या. गाईडच्या फोनवर तुमचं व्हीपीएन चालू करून द्यायचा उदारपणा तर अजिबात नको. हॉटेलच्या खोलीत जे बोलाल ते ऐकलं जातं असं धरून चला.

रात्री अकराला शहर मिटतं. त्या आत खोलीत असा. २०२२ मध्ये बायकांना गाडीत पुढच्या सीटवर बसण्यास मनाई झाल्याचं वृत्त होतं, तेव्हा बरोबरच्या महिलांनी मागे बसणं सोयीचं.

नववी पायरी: काय पाहायचं

बहुतेक जण दरवाझासाठी येतात. काराकुमच्या मध्यात, अश्गाबादपासून सुमारे २६० किलोमीटरवर, सत्तर मीटर रुंद खड्डा आणि त्यात कैक दशकं जळत असलेला वायू. सोव्हिएत काळातल्या वायूसंशोधनातून तो तयार झाला. रस्ता खराब आहे, पाच तास धरा, आणि संध्याकाळी पोहोचा. पण आधीच्या फोटोंसारखा आगीचा डोंब मनात धरून जाऊ नका. ज्वाळा पूर्वीच्या एक तृतीयांशावर आल्याचं २०२५ मध्ये तिथल्या अधिकाऱ्यांनीच सांगितलं आहे. कुंपणाच्या आत, कडेला जाऊ नका, माती ठिसूळ आहे. जवळच्या तंबूत रात्र काढा. मला स्वतःला खड्ड्याइतकंच त्यावरचं आकाश आठवतं.

माझा आग्रह मात्र मर्वचा. अश्गाबादहून मारीला जा, तिथून तीसेक किलोमीटर. एकेकाळी जगातल्या मोठ्या शहरांत गणलं गेलेलं हे शहर १२२१ मध्ये चंगेझखानाच्या मुलाने, तोलुईने, उद्ध्वस्त केलं. आज मैलोनमैल मातीच्या भिंती, उंट, आणि मधोमध सुलतान संजरची बाराव्या शतकातली कबर. १९९९ पासून हे जागतिक वारसास्थळ आहे. आपल्याला इथे ओढ वाटावी अशी दोन कारणं आहेत. मर्वमध्ये बौद्ध स्तूपाचे अवशेष सापडले आणि जवळच्या बैराम-अली भागात भूर्जपत्रावरची संस्कृत हस्तलिखितं. भारतातून निघालेला धम्म पश्चिमेला किती दूर पोहोचला त्याची ही खूण. दुसरं, अकबराचा पालक बैरामखान. तुर्कमेन लोक त्याला आपला कवी मानतात. त्याचा मुलगा अब्दुर्रहीम खानखाना, आपले दोह्यांचे रहीम, १५९५ मध्ये शहजादा मुरादबरोबर अहमदनगरच्या किल्ल्याला वेढा घालायला आले होते आणि आत चांदबिबी लढत होती. हे गाईडला सांगा. माझ्या गाईडला ही नगरची बाजू माहीत नव्हती आणि पुढचे दोन तास आम्ही चांदबिबीबद्दलच बोलत होतो.

अश्गाबादजवळ निसा आहे, पार्थियन राजांचा किल्ला, अर्धा दिवस पुरतो. शहरात १९४८ च्या भूकंपाचं स्मारक पाहा. ६ ऑक्टोबरच्या त्या रात्री जवळजवळ सगळं शहर कोसळलं आणि मृतांचा आकडा सोव्हिएत सरकारने कित्येक वर्षं दडवून ठेवला. प्रत्येक जुन्या कुटुंबात त्या रात्रीची एक आठवण आहे आणि ती ते मोकळेपणाने सांगतात. किल्लारीचा भूकंप आठवणाऱ्या माणसाला ते स्मारक परकं वाटत नाही.

दहावी पायरी: जेवण आणि घर

मांसाहारी माणसाची चंगळ आहे: पलाव, शाशलिक (सळईवर भाजलेलं मांस), चोर्बा (मांसाचा रस्सा). शाकाहाऱ्याला चोरेक नावाचा तंदूरमधला गरम पाव, टोमॅटो-काकडी, दही, फळं आणि हिरवा चहा. ‘मांस नको’ म्हटलं तर रश्शातले तुकडे काढून तोच रस्सा वाढतील, म्हणून ‘मांस घालून शिजवलेलंही नको’ असं गाईडकरवी सांगा. चोरेक उलटा ठेवायचा नाही, त्यावर पाय पडू द्यायचा नाही. अन्न हे पूर्णब्रह्म म्हणणाऱ्यांना हे वेगळं शिकवायला नको.

कुणी घरी बोलावलं तर मन मोडून का होईना, आधी गाईडला विचारा. परदेशी पाहुणा येऊन गेला की यजमानाकडे चौकशी होऊ शकते. गाईड ‘नको’ म्हणाला तर कारण न विचारता छातीवर हात ठेवून, मान लववून नाही म्हणा. त्यांना कळतं.

अकरावी पायरी: परतताना आणि परतल्यावर

गालिचा घेतलात तर तो देशाबाहेर न्यायला गालिचा संग्रहालयातल्या तज्ज्ञांचं प्रमाणपत्र लागतं. जुना गालिचा नेऊ देत नाहीत. खरेदी शेवटच्या दिवसावर ठेवू नका. मर्वमधला खापराचा तुकडासुद्धा खिशात नको.

घरी आल्यावर सगळ्यांना दाखवायची घाई होते. आधी फोटो नीट चाळा. गाईड, ड्रायव्हर, चहावाली बाई, ज्यांचे चेहरे ओळखू येतात ते फोटो समाजमाध्यमांवर टाकू नका. गाईडचं खरं नाव आणि एजन्सीचं नाव कुठल्याही टीकेच्या शेजारी लिहू नका. देशाबद्दल स्पष्ट लिहायचं असेल तर जरूर लिहा, पण तारखा, मार्ग, गटातली माणसं अशा खुणा पुसून. मी या लेखात तसंच केलं आहे.

गाईडने नंबर दिला असेल तर पहिला संदेश त्याला पाठवू द्या. तुमच्या उत्तरात प्रवास छान झाला, घरी सुखरूप पोहोचलो, मुलांना आशीर्वाद, इतकंच असावं. मी दरवर्षी ऑगस्टच्या दुसऱ्या रविवारी एक ओळ पाठवतो: यंदा खरबूज कसं आहे? दोन-तीन दिवसांनी फोटो येतो, चिरलेल्या खरबुजाचा.